पंगतीत न वाढलेली बरबटी

दहिहांड्याच्या पलीकडच्या एका गावात मोरोपंत जोश्यांच्या घरी दर मार्गशीर्षात मारुतीला रोडग्यांचा, म्हणजे गोवऱ्यांवर भाजलेल्या कणकेच्या गोळ्यांचा, नैवेद्य होई. त्या पंगतीला भाऊबंद हौसेने येत आणि त्याला कारणं दोन होती. एक म्हणजे मधल्या सुनेच्या, गोदावरीच्या हातचं बरबटीचं, म्हणजे गुळातल्या चवळीचं, गाडगं. दुसरं कारण कोणी उघड बोलत नसे. पुरुषांचं जेवण आटोपून बायकांची पंगत बसली की गोदावरी गाडगं कडेवर घेऊन वाढायला निघे. एकेकीच्या द्रोणात डावभर गोड बरबटी घाली. थोरल्या जाऊ ताराबाईंच्या पानापाशी आली की थांबे, गाडग्यात डोकावल्यासारखं करी आणि म्हणे, "संपलं, जाऊबाई."

आणि पुढच्या बाईच्या द्रोणात डावभर बरबटी घाली.

गाडगं निम्म्याहून जास्त भरलेलं असे. त्यातली वाफ सगळ्यांना दिसे, ताराबाईंनाही. त्या रोडगा कुस्करून, तूप ओतून, वांग्याच्या भाजीशी मुकाट जेवत. शेजारची मैनाबाई तर घरून निघतानाच सुनेला सांगे, "चाल लवकर, तारीच्या समोरची जागा सापडली पायजे."

गोदावरीला अकोल्यात ओळखणाऱ्या बायकांना हे कोणी सांगितलं असतं तर खोटं वाटलं असतं. तिथे जुन्या शहरात तिचं दोन खोल्यांचं बिऱ्हाड होतं. नवरा कमलाकांत एका वकिलांकडे कारकून. मांजराने दुधात तोंड घातलं तरी "भुकेलं असेल" म्हणून उरलेलं त्याच्यापुढेच ठेवणारी, शेजारणीचं बाळंतपण स्वतःच्या बहिणीचं असल्यासारखं काढणारी, बोलताना समोरच्याच्या बांगड्या उगीच सारख्या करणारी बाई. तिचा आवाज चढलेला कोणी ऐकला नव्हता. पण पंगतीत "संपलं" म्हणतानाही तो चढत नसे, हे ध्यानात घ्यायला हवं. सुपारी विचारावी तशी ती तो शब्द उच्चारी, आणि म्हणूनच तो लागे.

गोदावरी अमरावतीची, अंबागेटाच्या आतली. वडिलांना सगळे नाना म्हणत. नानांना खाण्याची आवड अशी एकाच पदार्थाची, गाडग्यातल्या बरबटीची. ती त्यांच्या बहिणीने गोदावरीला शिकवली. बरबटी आदल्या रात्री भिजत घालायची. सकाळी साध्या पाण्यात उकळायची आणि मधूनमधून डावावर चार दाणे घेऊन त्यांवर फुंकर मारायची. फुंकरीने साल उकलली की दाणा झाला, तोवर गुळाला हात लावायचा नाही. एकदा गूळ पडला की दाणा आहे तिथेच थांबतो, मग ब्रह्मदेव आला तरी मऊ होत नाही. दाणे उकलले की गाडग्यात घालायचे. त्यात चिरलेला गूळ, तूप, सुंठ, वर थोडं जायफळ, आणि बोटाचं एक पेर वर राहील इतकं पाणी. झाकणीची कड कणकेने लिंपायची. परसातल्या खड्ड्यात गोवऱ्या जळून निखाऱ्यांचा आर पडला की त्यात गाडगं बसवायचं, वरून तापलेली राख लोटायची आणि दिवेलागणीपर्यंत त्याच्याकडे बघायचं नाही. झाकणी उघडली की दाणे अख्खे दिसत, पण जिभेवर ठेवले की विरत. रस मधासारखा दाट आणि काळपट तांबडा झालेला असे.

१९५३ साली वैशाखात गोदावरीचं लग्न झालं. नवऱ्याबरोबर ती थेट अकोल्याला राहायला गेली, त्यामुळे सासरच्या चुलीशी तिचा संबंध आला तो मार्गशीर्षातल्या रोडग्यांच्या वेळी. सासूबाई तेव्हा होत्या. ओसरीवर बसून त्या म्हणाल्या, "नव्या सुनेच्या हातचं काहीतरी गोड होऊ द्या." पंगतीला नानांनाही बोलावलं होतं. लेकीच्या सासरी ते पहिल्यांदाच जेवणार होते. गोदावरीने बरबटीचं नाव घेतलं आणि पहाटे उठून कामाला लागली.

ते गाव खारपाणाच्या पट्ट्यातलं. घरामागच्या आडाला पाणी भरपूर, पण खारं. पिण्याचं पाणी बायका नदीच्या वाळूत झिरे खणून, वाटी वाटी उपसून आणत आणि स्वयंपाकघरातल्या झाकलेल्या रांजणात ठेवत. गोदावरीला एवढं ठाऊक होतं. त्यापलीकडचं ठाऊक नव्हतं, म्हणून तिने ताराबाईंना विचारलं.

"जाऊबाई, पाणी कोणतं घेऊ?"

"आडाचं. अजून कोणतं?"

"खारट लागतं ना ते?"

"पिण्याचं पाणी शिजवाले घेते का वं कोणी? झिरा उपसता उपसता कंबर मोडते, तवा कुठं एक घडा भरते. तू गूळ घालनार ना? मंग खारट कुठं लागते?"

बोलणं पटण्यासारखं होतं. गोदावरीने आडाचं पाणी घेतलं. बरबटी उकळली, उकळतच राहिली. फुंकर मारली, साल हलली नाही. सूर्य वर आला तरी दाण्याची साल खडबडीतच.

"जाऊबाई, दाणा उकलत नाही हो. गूळ घालू कसा?"

ताराबाई कणीक मळत होत्या. त्यांनी वर पाहिलं नाही. "घाल. दिवसभर आरात राहनार हाये. तिथं होते."

गोदावरीच्या मनात आत्याचं बोलणं होतं, पण ती घरात नवी होती आणि खड्डा तयार होता. तिने गूळ घातला.

संध्याकाळी झाकणी उघडली तेव्हा रंग दिसायला छान होता. पुरुषांच्या पंगतीत तिने स्वतः वाढलं. मोरोपंतांनी दाणा तोंडात टाकला, या गालातून त्या गालात फिरवला, तळहातावर काढला आणि सगळ्यांना दिसेल असा धरला.

"सूनबाई, हे गिळायचं हाये का गोट्या खेळायच्या हायेत?"

पंगत एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत हसली. कोणीतरी खरंच दोन दाणे पत्रावळीवर टिचकीने एकमेकांवर मारले. टक् असा आवाज झाला तसे पुन्हा हसले. गोदावरी गाडगं घेऊन मधेच उभी.

नाना हसले नाहीत. त्यांनी द्रोण जवळ ओढला आणि एकेक दाणा दाढेखाली धरून फोडत खायला सुरुवात केली. कमलाकांत त्यांच्या शेजारच्याच पाटावर होता, त्याने मठ्ठ्याचं भांडं तोंडाला लावलं होतं. लोकांची भाजी झाली, भात झाला, नाना द्रोणातच होते. तळ दिसल्यावर त्यांनी मान वर केली.

"पोरी, गूळ छान मुरलाय," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी अमरावतीला जाताना त्यांच्यासाठी मोटार वाटेत थांबवावी लागली, हे तिला पुढे आईकडून कळलं. आणि त्यानंतरच्या पावसाळ्यात नाना गेले. बरबटीने नव्हे, हृदयाने गेले. गोदावरीने तसा आरोप कधी केला नाही. पण लेकीच्या घरचं त्यांनी खाल्लेलं एकुलतं एक गोड ते होतं. ही गोष्ट आता कोणालाच बदलता येणार नव्हती.

पाण्याचा उलगडा मात्र तिला पुरुषांची पंगत उठताच झाला होता. ताराबाई बायकांच्या पंगतीसाठी वरणाला आधण ठेवत होत्या आणि पाणी रांजणातलं घेत होत्या.

"वरणाला झिऱ्याचं पाणी?" गोदावरीने विचारलं.

"मंग? खाऱ्या पान्यात डाळ शिजते का कधी?" ताराबाई बोलून गेल्या. बोलल्यावर त्यांचा हात रांजणावरच थांबला.

गावात तिचं नाव 'गोटीवाली' पडलं. आडावर गेली की बायका विचारत, "गोटीवाले, आज काय रांधलं?"

पुढच्या मार्गशीर्षात ती अमरावतीच्या कुंभाराकडून आणलेलं गाडगं घेऊनच सासरी आली. न विचारता रांजणातलं पाणी घेतलं. ताराबाई बघत राहिल्या. त्या संध्याकाळी पंगत बोटं चाटत होती, मोरोपंतांनी तीनदा मागून घेतलं, आणि बायकांच्या पंगतीत गोदावरी पहिल्यांदा म्हणाली, "संपलं, जाऊबाई."

भांडी घासायला दोघी परसात बसल्या तेव्हा ताराबाई म्हणाल्या, "भरलं होतं गाडगं."

"होतं."

"मंग?"

"खाऱ्या पाण्यात शिजव असं मला तुम्ही सांगितलं. ठाऊक असून सांगितलं. हे पंगतीत सांगा, ज्यांनी नानांना ते दाणे फोडताना पाहिलं त्या सगळ्यांच्या समोर. त्या दिवशी पहिला डाव तुमच्या द्रोणात घालीन."

ताराबाईंनी राखेचा हात परातीवरून दोनदा फिरवला. "ठेव तुह्यापाशीच तुही बरबटी," त्या म्हणाल्या.

तिथून दोघींची जुंपली. एरवी दोघी एकमेकींशी नीट वागत. ताराबाईंना ताप आला तर गोदावरी अकोल्याहून येऊन उशाशी बसे. गोदावरीच्या मुलीला पहिलं अंगडं ताराबाईंनीच शिवलं. पण मार्गशीर्ष आला की गोदावरीच्या अंगात वेगळीच बाई येई. ताराबाईंना गोडाचा सोस होता. जाता येता डब्यातला गुळाचा खडा तोंडात टाकायची त्यांची सवय तिने हेरली होती, म्हणून दर वर्षी ती गाडग्यात काहीतरी जास्त घाली. एका वर्षी वेलदोडे घातले, एका वर्षी खोबऱ्याचे काप, एका वर्षी तूप दुप्पट. खड्डाही ती मुद्दाम स्वयंपाकघराच्या खिडकीखाली खणी. दिवसभर कणकेच्या फटींतून गुळाचा आणि सुंठेचा वास यायचा तो थेट ताराबाईंच्या चुलीपर्यंत.

एका वर्षी जेवणं झाल्यावर ती परसात गेली तर ताराबाई रिकाम्या गाडग्याच्या काठाचं करपलेलं बोटाने खरवडून खात होत्या. गोदावरी आल्या पावली मागे फिरली. त्या क्षणी तिला झालेला आनंद फार गोड होता, हे तिने पुढे स्वतःच एकदा कबूल केलं. आणि पुढच्या वर्षीपासून शेवटचा डाव वाढून झाला की ती रिकाम्या गाडग्यात तांब्याभर पाणी ओतू लागली. आडाचं.

मधल्या काळात सासूबाई गेल्या. मोरोपंतांचे दात गेले; गोदावरीची बरबटी हा त्यांना चावावा न लागणारा एकच सणाचा घास उरला. कमलाकांत कधीतरी म्हणे, "सोड ना आता. थोरली आहे ती."

"तुम्हाला वाढते ना पोटभर? मग तुमचं काय जातं?" ती म्हणे. तो या विषयावर नेहमीच लवकर गप्प बसे. तो सोशिक स्वभावाचा आहे, असा तिने त्याचा अर्थ लावला होता.

१९६४ साली धाकट्या दिराचं, गोपाळकृष्णाचं लग्न झालं. विमल धामणगाव रेल्वेची, हसरी आणि धांदरट. तिचे पहिले रोडगे त्याच मार्गशीर्षात आले. गोदावरी आदल्या दिवशीच एसटीने आली होती. सकाळी गाडगं आरात बसवून, राख लोटून ती हात धुवायला आडाकडे गेली तर विमल पोहरा ओढत होती. शेजारी पातेल्यात धुतलेली तुरीची डाळ.

"काय करतेस गं?"

"वरण. मामंजी म्हणाले, नव्या सुनेच्या हातचं वरण होऊ दे आज. मी विचारलं पाणी कोणतं, तर म्हणाले आडाचंच घे, तेच चवीला चांगलं." विमल हसली. "माझे दादा यायचेत ना जेवायला, म्हणून मुद्दाम मलाच सांगितलं."

गोदावरीने तिच्या हातातला पोहरा घेतला आणि पाणी आडातच परत ओतलं. "रांजणातलं घे," ती म्हणाली. "आणि कोणाला सांगू नकोस." मग ती तडक स्वयंपाकघरात गेली.

ताराबाई वांगी चिरत होत्या.

"जाऊबाई, माझं झालं ते पुरलं नाही? आता त्या पोरीचंही?"

"मी नाही सांगतलं." ताराबाईंनी वांगं पाण्यात टाकलं. "मले म्हनले होते परवा मामंजी. मी म्हनलं, या टायमाले माह्यानं होत नाही. तवा सोताच गेले सांगाले."

"या टायमाला म्हणजे?"

"म्हंजे काय! तुह्या टायमाले सासूबाईनं मले सांगाले लावलं. माह्या टायमाले त्याईनं सोता सांगतलं. माह्या वरणातली डाळ घंगाळात ओतली तर खडखड वाजली. माहा भाऊ होता पंगतीत. या घरात नव्या सुनेचं हे करतातच. बाप नाईतर भाऊ जेवाले बसवतात अन् मंग करतात. सारी पंगत त्याचीच वाट पाहून राहते."

गोदावरी पाटावर बसली. बरबटीचा वास खिडकीतून येत होता.

"सारी पंगत म्हणजे..."

"सारी म्हंजे सारी. तुहा नवरा नाही का त्यात? आदल्या दिवशी ओसरीवर हसून राहिला होता, 'उद्या माहा सासरा गोट्या चावते' म्हनून. गोट्या हे नाव त्याचंच हाये. मामंजी त्याचंच बोलले."

तिला मठ्ठ्याचं भांडं आठवलं. त्या भांड्यामागे त्याने तोंड का लपवलं होतं याचा तिने अकरा वर्षांत एकदाही विचार केला नव्हता.

"मग तुम्ही मला का नाही सांगितलं? इतकी वर्षं?"

ताराबाईंनी विळी आडवी केली. "तू इचारलं कधी? तू आली ते थेट म्हनली, कबूल करा. पंगतीत उभं राहून मीच एकटीनं काहून कबूल करू? करनारे सारे पानावर बसून बरबटी खाऊन राहिले, अन् मी हात जोडू? नसती भेटली बरबटी तं नसती भेटली." त्या उठल्या. वांग्यांची परात चुलीशी ठेवता ठेवता म्हणाल्या, "तुह्या बापाचं मात्र वाईट वाटलं होतं. ते खातील असं मले वाटलं नव्हतं. माह्या भावानं पान सारून देल्लं होतं."

दुपारभर गोदावरी काम करत राहिली. रोडगे भाजले, राख झटकली, पत्रावळी मांडल्या. तिच्याकडे पाहून कोणाला काही कळलं नसतं.

संध्याकाळी पंगत बसली. मोरोपंत मधोमध, त्यांच्या डाव्या हाताला विमलचे भाऊ, उजव्या हाताला मुलं, पुढे भाऊबंद. विमलचं वरण वाढलं गेलं तेव्हा चारदोन जण एकमेकांकडे बघून मिशीत हसले. मोरोपंतांनी घास घेतला. वरण मऊ, एकजीव. त्यांनी दुसरा घास घेऊन पाहिला, मग विमलकडे, मग दाराकडे पाहिलं. दारात गोदावरी गाडगं घेऊन उभी होती.

"आज वाढण्याआधी एक विचारायचं आहे," ती म्हणाली. घरातली सून पुरुषांच्या पंगतीत असं बोलत नसे, त्यामुळे मठ्ठा पिणारे पिता पिता थांबले. "मी या घरात आले त्या वर्षी माझ्या बरबटीत खारं पाणी घालायला लावलं होतं. माझे वडील ती सगळी खाऊन उठले. पाण्याचं ज्यांना आधीपासून ठाऊक होतं, त्यांनी फक्त द्रोण बाजूला सारायचा. बाकी मी काही बोलणार नाही."

नत्थुजी, चुलत सासरे, वर आढ्याकडे बघू लागले. दोघांनी आपला द्रोण उलट थोडा जवळच ओढला.

"ठाऊक होतं तं काय झालं?" मोरोपंत म्हणाले. "थट्टा होती ते. नव्या सुनेची करतातच. वाढ, थंडं होते."

"थट्टा होती तर माझे वडील हसले कसे नाहीत, मामंजी?"

गोदावरी वाकली. डावात बरबटी घेतली, बाकीची गाडग्यात परत सोडली आणि त्यांच्या द्रोणात एकच दाणा ठेवला.

"चाखून सांगा, शिजलाय का."

म्हाताऱ्याने तो दाणा उचलून तोंडात ठेवला. तो हिरड्यांना लागायच्या आत विरला असावा, कारण त्यांचे डोळे आपोआप मिटले. डोळे उघडून त्यांनी द्रोण पुढे केला, तोवर गोदावरी पुढच्या पानावर गेली होती.

विमलच्या भावाला तिने दोन डाव वाढले. नत्थुजींना वाढलं. जे ठाऊक असून गप्प बसले त्या सगळ्यांना वाढलं. त्यांनी खाल्लंही, पण कोणी तिच्याकडे मान वर करून पुन्हा मागितलं नाही. कमलाकांतच्या पानापाशी ती आली तेव्हा त्याचा द्रोण पाटाच्या मागे होता. केव्हा सारला ते तिने पाहिलं नव्हतं. तो पानातल्या मिठाकडे बघत होता.

सबंध पंगतीत द्रोण सारून खरं बोलला तो एकटाच. गोदावरीला ते कळलं. तरी ती थांबली नाही. पुढच्या द्रोणात डाव रिता केला.

बायकांची पंगत बसली तेव्हा मैनाबाई नेहमीप्रमाणे ताराबाईंच्या समोर येऊन बसली. गोदावरी पहिल्यांदा ताराबाईंपाशीच गेली आणि द्रोण काठोकाठ भरला. ताराबाईंनी चार दाणे तोंडात घातले, सावकाश जीभ फिरवली, पुन्हा चार घातले.

"गूळ जास्त झाला," त्या म्हणाल्या.

"अवं माय!" मैनाबाई म्हणाली, आणि सगळ्या बायका हसायला लागल्या. गोदावरीही हसली. हसता हसता तिने दुसरा डाव वाढला. तोही ताराबाईंनी संपवला.

दुसऱ्या दिवशी कमलाकांतने पिशवी भरली. "सकाळच्या एसटीने निघू," तो म्हणाला.

"तुम्ही व्हा पुढे. मी पोरीला घेऊन जाऊबाईंपाशी राहते."

"किती दिवस?"

"अमरावतीला जाऊन माझ्या आईला सांगायची तुमची तयारी होईतो."

"काय सांगायचं?"

गोदावरी आत निघून गेली. कमलाकांत एकटाच अकोल्याला गेला आणि खाणावळीत जेवू लागला. शनिवारी परत आला, ओसरीवर बसून राहिला आणि रविवारी संध्याकाळी एकटाच गेला. पुढच्या शनिवारीही तेच. जाताना आतून ताराबाई विचारत, "भाऊजी, शिदोरी देऊ का? भाकर हाये. गोड काही नाही."

तिसऱ्या खेपेला तो ओसरीवर बसला नाही. दारातूनच म्हणाला, "चल. अमरावतीला."

गोदावरीने त्याला एक दिवस थांबवलं आणि आईसाठी नवं गाडगं आरात बसवलं. पोर ताराबाईंपाशी राहिली. अकोल्याहून गाडीत बसल्यावर तिने ते लिंपलेलं, अजून उबदार असलेलं गाडगं फडक्यात गुंडाळून कमलाकांतच्या मांडीवर ठेवलं.

"खाली ठेवू नका. हिंदकळेल."

मूर्तिजापूर येईपर्यंत कणकेला बारीक भेग पडली आणि डब्यात वास पसरला. समोरचा एक माणूस म्हणाला, "साहेब, काय हाये हो? लय झकास वास येऊन राहिला."

"बरबटी आहे," कमलाकांत म्हणाला. "सासूबाईंसाठी."

"तुमाले नाही?"

कमलाकांतने गाडग्याचा काठ दोन्ही हातांनी नीट धरला. गोदावरी खिडकीबाहेर पाहत होती. बडनेऱ्याला अमरावतीची गाडी लागायला वेळ होता. ती फलाटावरच्या बाकावर बसली, तो गाडगं घेऊन तिच्यापुढे उभा राहिला.

"आईंना काय सांगू?" त्याने विचारलं.

"जे पाहिलं ते."

"मी नानांच्या शेजारीच बसलो होतो."

"तिथूनच सुरुवात करा," गोदावरी म्हणाली, आणि गाडी येताना दिसली तशी पिशवी उचलून पुढे झाली.